कमानीच्या पुलाचा मान

मुकुंदवाडी, औरंगाबाद
दिनांक ६ जानेवारी २००४

तीर्थरूप मल्हारमामा यांना रामकिसनचा साष्टांग नमस्कार.

मामा, फोनवर तुम्ही येत नाही, म्हणून पत्र. आपल्या दोन गावांमधला कमानीचा पूल पाडव्यानंतर पाडणार, असे नक्की झाले आहे. शेजारचा नवा पूल तयार आहे. त्याच्या उद्घाटनाला तात्यासाहेबांची समिती स्मरणिका छापणार आहे, आणि मी शाळेत मराठी शिकवतो म्हणून ‘जुन्या पुलाचा इतिहास’ माझ्या गळ्यात पडला आहे.

समितीने मला एक टिपण दिले. त्यात लिहिले आहे की १९५३ साली पूल खुला झाला, तेव्हा त्यावरून सर्वांत आधी तात्यासाहेबांच्या वडिलांची बैलांची दमणी गेली. आईला वाचून दाखवले. ती इतकी हसली की तिला ठसका लागला. म्हणाली, “मल्हारदादाला इचार. त्यो दिवस बघितलेले आता आमी दोघंच उरलोत.” मी म्हटले, तूच सांग. तर म्हणते, “मी सांगितलं तर भनीनं सांगितलं व्हईल. त्यानं सांगू दे.”

आईचे गुडघे फार दुखतात. दारातून ओट्यापर्यंत येते, तेवढेच. इकडे मुकुंदवाडीला चल म्हटले तर ‘दादा येऊन जाऊ दे, मग बघू’ म्हणते. तुम्ही कधी याल? उन्हाळ्यात नदीतून वाट असते, तेव्हाही तुम्ही येऊन किती वर्षे झाली.

मंजुळामामींना नमस्कार.

तुमचा भाचा,
रामकिसन


कोळवाडी
दिनांक १६ जानेवारी २००४

चिरंजीव रामकिसन यास मल्हारराव सोन्नर यांचा आशीर्वाद.

तुझे पत्र पोहोचले. वाचून किळस आली. शब्द कठोर आहे, परंतु तो मी विचारपूर्वक योजला आहे.

दमणी! त्या दिवशी ती दमणी पिंपळाखाली उभी होती. बैल सोडलेले होते. तात्यासाहेबांचे वडील उपरणे अंथरून खाली बसले होते, कारण मेंढरे गेल्याशिवाय पुलावर चाक घालण्याची त्यांचीही छाती नव्हती. आपली रीत तुला ठाऊक असावी. नसल्यास तुझ्या शिक्षणाचा उपयोग शून्य. नव्या पुलावर पहिले पाऊल माणसाचे पडत नाही. भंडारा उधळावा, कळप पार करावा, मग माणसे, आणि मग चाके. माणूस डोळ्यांनी पाहतो आणि फसतो. मेंढरू खुराने पाहते.

आता इतिहास. तो मी सांगतो, कारण तो सांगणारे आता भाषणे करतात. निजामाच्या अमलात पुलाच्या पायाचे दगड बसले. कमान ओतण्यापूर्वी पोलीस ॲक्शन झाली. कारकून पळाले, मजूर पांगले, आणि छपरीत सिमेंटाची पोती तशीच राहिली. दोन पावसाळ्यांत ती गोठून दगड झाली. ताग कुजून गेला, परंतु तागाची वीण त्या दगडांवर उमटून राहिली. गावाने ते दगड धुण्याला व बसण्याला नेले. एक माझ्या दाराशी आहे. हे पत्र मी त्यावर बसून लिहीत आहे.

पुढे काम पुन्हा निघाले. सांडू नावाचा मुकादम आला. लाकडी सांगाडा उभारून त्यावर कमान ओतली. सांगाडा काढण्याच्या दिवशी गडी पाचरी ठोकायला धजेनात. तेव्हा सांडूने कमानीच्या बरोबर खाली खाट टाकली, तिच्यावर आडवा झाला आणि म्हणाला, “काढा रे. मला झोप आलीय.” पाचरी निघाल्या. थोडी भुकटी त्याच्या मिशांवर पडली, एवढेच. असा तो पूल. आज त्याच कमानीच्या पोटावर गुप्तरोगाच्या वैद्याची जाहिरात रंगवली आहे. खाली कोंबड्यांची पिसे, फाटक्या गाद्या, आणि देवाची फुले प्लास्टिकच्या पिशवीत गाठ मारून टाकलेली. वरून लोक गुटखा थुंकतात, तो खालून चालणाऱ्याच्या मुंडाशावर पडतो. ज्यांना पूल वापरता येत नाही ते आता त्याचा इतिहास छापणार.

पुलावर पहिला कळप घालण्याचा मान आमच्या घराण्याचा ठरला होता. उजव्या कानाच्या मागच्या कडेला चंद्रकोर, ही आमच्या मेंढरांची खूण. खुलताबादच्या बाजारात ती लांबून ओळखत. बहात्तरच्या दुष्काळात मी शेवटचा कळप विकला आणि ती खूण जगातून गेली. मुले शेंद्र्याला कारखान्यात जातात. आता खूण त्यांच्याच गळ्यात लटकते. तिच्यावर फोटो असतो.

पुलावरून पहिले कोण गेले, हे मला ठाऊक आहे. सांगण्याची इच्छा नाही. ती ओळ कोरी ठेवावी. तुझ्या आईस, बानाबाईस सांग, माझी प्रकृती ठीक आहे.

मल्हारराव


मुकुंदवाडी
दिनांक २९ जानेवारी २००४

तीर्थरूप मामांना नमस्कार.

इतिहास फार चांगला दिलात. सांडू मुकादमाची खाट समितीला आवडली. ‘कोरी ओळ’ मात्र कोणाला आवडली नाही. तात्यासाहेब म्हणाले, “मास्तर, जागा मोकळी ठेवली तर तिथं कुणीतरी जाहिरात मागंल. दमणी राहू द्या.” छपाई होळीनंतर आहे. तोवर कोणी लेखी काही दिले नाही, तर दमणीच जाणार.

मामा, एक गोष्ट बोलतो. राग आला तरी चालेल. तुम्ही पुलाचे जे जे वर्णन केले आहे, ते सगळे खालून केलेले आहे. कमानीचे पोट, खालची घाण, मुंडाशावर पडणारी थुंकी. वरचे एकही वाक्य नाही. लहानपणी मला वाटायचे, मामांना नदीची वाट आवडते. मग कळले की तुम्ही या पुलावर कधी पाय ठेवलेलाच नाही. का, ते आई सांगत नाही.

बाबा गेले तेव्हा श्रावण होता. नदीला पूर होता, नदीतून वाट नव्हती, पूल होता. आम्ही बाबांना नदीकाठी आणले. पलीकडच्या काठावर तुम्ही डोक्यावर घोंगडे घेऊन उभे होतात. पुलावरून चालत यायला चिलीम संपेपर्यंतचा वेळ पुरला असता. तुम्ही आला नाहीत. तुम्हाला त्या फुलांच्या पिशव्यांची किळस येते, मामा. मला त्या दिवसाची येते.

एवढे लिहायचे नव्हते. पण फाडत नाही.

रामकिसन


कोळवाडी
दिनांक २१ फेब्रुवारी २००४

रामकिसन यास,

तुझ्या पत्रास तत्काळ उत्तर दिले नाही, कारण तत्काळ दिलेले उत्तर टपालात घालण्यासारखे नव्हते.

तुझ्या वडिलांच्या मृत्यूच्या वेळी मला ताप होता. घोंगडे त्यासाठी होते. या विषयावर एवढेच.

आता दुसरे. तात्यासाहेब परवा इकडे मतांसाठी आले होते. माझ्या दाराशी गाडी थांबवून, काच अर्धी खाली करून म्हणाले, “काय मल्हारराव, आमच्या वडलांची दमणी आठवते ना?” मी म्हणालो, “आठवते. बैल सोडलेले आठवतात. बैलांशिवाय ती पुलावरून गेली असल्यास तुमच्या वडिलांनीच ती ओढली असली पाहिजे.” त्यांनी काच वर केली. मंजुळाबाई म्हणते, मी जास्त बोललो. मी कमीच बोललो.

तो मनुष्य एक खोटे बोलेल आणि ते शाईने छापले जाईल, आणि खरे ठाऊक असलेला मी ओळ कोरी ठेवा म्हणून बसेन, हे मला झेपत नाही. सबब पुढील मजकूर माझ्या नावाने, एकही शब्द न बदलता समितीस द्यावा:

“कमानीच्या पुलावरून सर्वांत आधी पळसखेड्याचे फकिरा यांची मेंढरे गेली. मी तेथे हजर होतो. – मल्हारराव सोन्नर, कोळवाडी.”

झाले. तुझ्या वडिलांना मान मिळाला. हे मी सत्य आहे म्हणून लिहिले. मला गोड वाटते म्हणून नव्हे. छापण्यासाठी नाही, परंतु तुझ्यासाठी उरलेलेही लिहितो. त्या दिवशी मान आमचा होता. माझा कळप कोळवाडीच्या टोकाशी उभा होता. भंडारा उधळला. माझा मेंढा चार पावले चालला आणि अडला. तो फिरत होता, मी मागून हाकत होतो, आणखी क्षणभरात तो गेला असता. तेवढ्यात तुझ्या वडिलांनी पलीकडून, रीत सोडून, न विचारता आपला कळप पुलावर घातला. माझ्या देखत, दोन्ही गावांच्या देखत. लोक हसले. साळा अडला म्हणून मेहुणा मान घेऊन गेला, असे लोक कित्येक वर्षे म्हणत. मी कळप वळवला आणि घरी आलो. ज्या पुलावर माझा मान चोरीला गेला, त्यावर पाय ठेवण्याचे मला कारण उरले नाही.

तुला किळस येते म्हणालास. येऊ दे. ती आपल्या घराण्यात आहे.

मल्हारराव


पळसखेडे
दिनांक ३ मार्च २००४

दादा,

मी बाना. रामकिसन सुट्टीला आलाय. त्याला म्हणलं, मी बोलते तसंच लिव्ह, तुझं शाळंचं मराठी घालू नकोस. लिव्हलं का, असं दर येळंला इचारणार हाय.

तुझं पत्र त्यानं वाचलं. तू ह्यांचं नाव लिव्हून दिलंस. मी पदर डोळ्याला लावला. मग फुडचं वाचलं अन् पदर काढला. दादा, तू पन्नास वर्सं चुकीचं धरून बसलास की रं!

आईक. तू कळपाच्या मागं व्हतास, तुला फुडचं दिसत नव्हतं. आमी समोरून बघत व्हतो. तुझा मेंढा आपनहून नाय अडला. तात्यासाहेबाच्या बापानं ताशेवाले आणले व्हते, त्यातल्या एकानं मदीच ताशा बडवला अन् मेंढा बुजला. मेंढा माघारी फिरला, अन् तू मागून हाकतोस! मदली मेंढरं दाटली, कडंला सरकली. तवा पुलाला कठडे कुठं व्हते? नुसते बांबू बांधलेले. एक मेंढरू खाली पडलं असतं त सगळी त्याच्या मागं पडली असती. तू धनगराचा, तुला सांगाया पायजे का?

ह्यांनी मला इचारलं, “बाने, काय करू?” मी म्हणलं, “ढवळी सोडा.” मी म्हणलं, दादा. ह्यांनी नाय. मी.

ढवळी कोण, आठवतं का? बानं माझ्या लग्नात आंदण दिली ती. तुझ्याच कळपातली, तुझ्या मेंढ्याची मावशी. तिला बघून तुझी मेंढरं निवतील म्हणून सोडली, अन् तिच्या मागं आमची चार गेली. निवली का नाय तुझी मेंढरं? एक तरी पडलं का? तू वळवून नेलीस तवा सगळी जित्ती घरी नेलीस.

अन् मान मान काय करतोस? ढवळीच्या कानाला कुणाची खूण व्हती? बानं कातरलेली चंद्रकोर व्हती. पुलावरून पयली गेली ती आपल्या बाची मेंढी. मान तुझ्याच घरात आला व्हता, अन् तू त्याच्याकडं पाठ करून गेलास.

तवाच का नाय सांगितलं म्हणशील. दुसऱ्या दिशी आले व्हते मी सांगाया. तू कवाड लावलंस. वैनी आतून म्हणली, “झोपलेत.” भर दुपारी! मग मी बी तुझीच भन. मी बी नाय बोलले.

हे गेले तवा तू पल्याड उभा व्हतास. मला लई राग आला. पर माती व्हईस्तोवर तू पावसात हलला नाईस, ते बी मी बघितलं. ताप व्हता म्हणं! ताप आलेला माणूस घरात निजतो, दादा.

शेवटचं. तू लिव्हलंस, खूण जगातून गेली. नाय गेली. आंदणाच्या मेंढीची मादी बाईची अस्ती, ही रीत. ढवळीच्या पोटच्या एकूणएक मादीचा कान मी बाच्याच खुणंनं कातरला. ह्यांनी कधी हरकत नाय घेतली. आता दारात एकच उरलीय, गाभण हाय. पाडव्याच्या फुडं पूल पाडणार. माझं गुडघं मला नेत नाईत. तू ये, अन् कान बघून जा. पुलावरून ये.

लिव्हलं का रं?

बाना


कोळवाडी
दिनांक १० मार्च २००४

गंगाभागीरथी बानाबाई यांस,

पत्र पावले. त्यातील पुष्कळ गोष्टी मला मान्य नाहीत. मेंढा बुजला असता तरी तो गेलाच असता. ताशा वाजल्याचे स्मरते. तो वाजवणाऱ्याचे तोंड मला तेव्हाही आवडले नव्हते. ढवळी होती हे मी पाहिले नाही. माझी नजर फकिरावर होती.

कान कातरण्यास काय वापरतेस? आपले वडील लोकर कातरण्याची कातर कधीही वापरत नसत, तिने कड फाटते. चंद्रकोरीची टोके वर असली पाहिजेत. खाली असल्यास ती आपली खूण नव्हे, आणि येण्याचे मला कारण नाही.

टोके वर असल्यास मी पाडव्याच्या सकाळी येईन. तथापि एक बाब स्पष्ट करतो. त्या पुलावर मी कधी पाऊल ठेवलेले नाही. माझ्यापुरता तो अजून नवाच आहे. माझ्यापुढे मेंढी चालल्याशिवाय मी त्यावर येणार नाही. ताशा नको. तात्यासाहेब नको. फोटो काढणारा कोणीही नको.

मल्हारराव


पळसखेडे
दिनांक १२ एप्रिल २००४

चिरंजीव रामकिसन यास आशीर्वाद.

निवडणुकीच्या प्रशिक्षणासाठी तुला शहरात अडकवून ठेवले, त्यामुळे तू पाडव्याला नव्हतास. बानाबाई तुला रंगवून सांगेल. खरे काय झाले ते मी लिहितो.

सकाळी मी कोळवाडीच्या टोकाशी उभा राहिलो. मंजुळाबाईने माझ्या कपाळाला भंडारा लावला आणि म्हणाली, “जावा एकदाचं. पन्नास वर्सं ह्या पुलाचं ऐकून माझे कान किटले.” पलीकडच्या टोकाला तुझी आई दोन बायकांच्या खांद्यांवर हात टाकून आली. गुडघे नेत नाहीत म्हणणारी! तिने तोंडाने मेंढरे हाकण्याचा तो जुना आवाज केला आणि मेंढी सोडली. मेंढी सरळ माझ्याकडे आली. मी कान पाहिला. चंद्रकोर आहे. टोके वर आहेत. कड स्वच्छ आहे.

मग मेंढी फिरली आणि मी तिच्या मागून चाललो.

पुलाविषयी माझे मत खालून वाईट होते, वरून अधिक वाईट झाले. कठड्याच्या प्रत्येक खांबावर पिंकांचे थर आहेत. मधोमध कोणी तरी आपले व कोणाचे तरी नाव बाणासह कोरले आहे. डांबराला खड्डे, खड्ड्यांत बाटल्या. नव्या पुलाचे झेंडूचे तोरण अर्धे या कठड्याला बांधले होते. मेंढी तेथे थांबली आणि तिने ते खाल्ले. समितीचा माणूस नव्या पुलावरून ओरडला, “ओ बाबा, हाकला की तिला!” मी म्हणालो, “मानाची आहे. तिचे होऊ द्या.” तिचे होईपर्यंत मी कमानीच्या माथ्यावर उभा राहिलो. तेथून ती जागा दिसते, जेथे तुझ्या वडिलांना ठेवले. आणि मी जेथे उभा होतो ती जागाही दिसते. अंतर फार नाही.

तुझ्या आईने काही बोलण्याआधीच रडायला सुरुवात केली. मी तिला सांगितले, डोळे पूस, मेंढी बुजेल.

स्मरणिका हाती आली. तुझा लेख बरा आहे. तथापि माझ्या निवेदनाचे काय केले ते पाहा: “फकिरा यांची मेंढरे व दमणी एकाच वेळी पार झाली.” एकाच वेळी! बैल, दमणी आणि मेंढरे, त्या रुंदीत! हसावे की थुंकावे ते कळेना. मी थुंकत नाही. पान फाडून त्यात तुझ्या आईने मिरच्या बांधल्या.

पुढील आठवड्यात पूल पाडला. यंत्राने कमानीला तीन दिवस दाद दिली नाही. शेवटी पडली ती अखंड, आणि नदीची वाट दगडांखाली गेली. नवा पूल आहे. परंतु त्यावरून अजून मेंढरे गेलेली नाहीत. तात्यासाहेबांची मोटार गेली, फीत कापून. अशा पुलावर मी पाऊल कसे ठेवणार? सबब मी येथेच आहे. माझी दोन धोतरे आणि दाराशी असलेला सिमेंटाचा दगड मोठ्या मुलाबरोबर पाठवण्यास मंजुळाबाईस सांगावे. तिलाही यायचे असल्यास हरकत नाही. ती रीत पाळत नाही, मोटारीतून येऊ शकते.

येथला चहा फार गोड आहे. शेजारी दिवसभर टीव्ही लावतात. तुझ्या वडिलांची काठी खुंटीला तशीच आहे. खालचे लोखंड गंजले होते, ते मी घासले.

मेंढी या पंधरवड्यात विईल. मादी झाली तर कान कातरायचा आहे. बानाबाई म्हणते, “दादा, माझा हात आता कापतो.” माझा कापत नाही.

मल्हारराव